डिक मिलर: पाच-पाच मिनिटांच्या भूमिकांवर साठ वर्षे कशी निघाली?

रानवाटा

सध्या जुने अमेरिकन भयपट आणि विज्ञानपट लागोपाठ पाहतो आहे आणि त्यांत एक चेहरा सारखा आडवा येतो. 'द टर्मिनेटर'मध्ये (१९८४) श्वार्झनेगरपुढे एकेक बंदूक काढून ठेवणारा दुकानदार, त्याच वर्षीच्या 'ग्रेमलिन्स'मध्ये परदेशी मालाच्या नावाने बोटे मोडणारा शेजारी मरे फटरमन, 'द हाउलिंग'मधला (१९८१) तिरसट पुस्तकविक्रेता आणि 'द बर्ब्ज'मधला (१९८९) कचरा उचलणारा कामगार ही चारही माणसे एकाच नटाने उभी केली आहेत. त्या नटाचे नाव डिक मिलर. जन्म २५ डिसेंबर १९२८ रोजी न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्समध्ये झाला आणि मृत्यू ३० जानेवारी २०१९ रोजी, वयाच्या नव्वदाव्या वर्षी. पहिला चित्रपट १९५५ चा, शेवटचा त्यांच्या मृत्यूनंतर प्रदर्शित झालेला. चित्रपटांची यादी वाचताना दमछाक होते, पण तिच्यात नायकाच्या भूमिका शोधायला गेलो तर एका हाताची बोटेही पुरी लागत नाहीत.

माझा प्रश्न असा आहे की, इतक्या छोट्या भूमिकांवर एखाद्याची कारकीर्द साठ वर्षांहून अधिक काळ चालते ती कशाच्या बळावर? माझ्या एका मित्राचे म्हणणे असे की हा सगळा ओळखीपाळखीचा मामला आहे. ठरावीक दिग्दर्शकांच्या गोतावळ्यात हा माणूस होता आणि ते त्याला आठवणीने बोलवत राहिले. मला हे पटत नाही, पण खोडून काढण्याइतके चित्रपट मी पाहिलेले नाहीत. ज्यांनी या नटाचे पन्नास-साठच्या दशकांतले काम पाहिले आहे त्यांनी कृपया सविस्तर लिहावे, आणि सुरुवात कुठून करावी हेही सांगावे.

जुनेरीळ

गोतावळा होता हे खरेच आहे, पण तो कसा तयार झाला हे पाहिले तर आपल्या मित्राच्या म्हणण्यातला दोष दिसेल. मिलर कॅलिफोर्नियाला गेले ते नट होण्यासाठी नव्हे, तर लेखक होण्यासाठी. त्यांचे मित्र जोनाथन हेझ तेव्हा निर्माता-दिग्दर्शक रॉजर कॉर्मन यांच्याकडे कामे करत होते आणि त्यांच्या ओळखीने मिलर कॉर्मनना भेटले. कॉर्मन म्हणाले की लेखक माझ्याकडे आहेत, नट हवे आहेत. त्यावर मिलर नट झाले. 'अपाची वुमन' (१९५५) या पहिल्याच चित्रपटात त्यांना आधी एका आदिवासीची भूमिका मिळाली, आणि ती संपल्यावर त्याच आदिवासींच्या पाठलागावर निघालेल्या गोऱ्यांच्या टोळीतही उभे करण्यात आले. कॉर्मनच्या कारखान्यातली रीतच तशी होती. ज्याचे काम संपले आहे तो नट मोकळा बसलेला मालकाच्या डोळ्यांना खुपत असे.

अशा ठिकाणी कोणत्या नटाला किंमत येते, याचा विचार करावा. चित्रीकरणाला पाच-दहा दिवस, एखादे पात्र प्रेक्षकांच्या ओळखीचे व्हावे म्हणून दोन प्रसंग जास्त लिहिण्याची सोय नाही, आणि तीन-चार वेळा तेच दृश्य घेण्याइतकी फिल्मही नाही. तिथे असा माणूस लागतो की जो चौकटीत आल्याबरोबर, एक शब्द बोलण्याआधी, त्याचा धंदा काय, त्याचा आजचा दिवस कसा गेला आणि समोरच्या गिऱ्हाइकाचा त्याला किती कंटाळा आला आहे हे सगळे कळून जावे. मिलर यांच्याकडे नेमके हेच होते. 'नॉट ऑफ धिस अर्थ'मध्ये (१९५७) ते घरोघर व्हॅक्यूम क्लीनर विकणारा विक्रेता झाले आहेत. दार उघडणारा काळ्या चष्म्यातला गृहस्थ परग्रहावरून आला आहे आणि त्याला माणसाचे रक्त हवे आहे, हे प्रेक्षकाला ठाऊक आहे. पण विक्रेत्याचे सगळे लक्ष आपले यंत्र गळ्यात मारण्याकडे आहे. त्याची बडबड इतकी सराईत आहे की आपण क्षणभर परग्रहवासी विसरतो आणि या माणसाचा सौदा होतो की नाही याचीच काळजी करू लागतो. मग अर्थातच तो तळघरात जातो आणि मरतो.

आता नायकाच्या भूमिकेकडे येतो. 'अ बकेट ऑफ ब्लड' (१९५९) हा चित्रपट अवघ्या पाच दिवसांत आणि सुमारे पन्नास हजार डॉलरमध्ये झाला. पटकथा चार्ल्स ग्रिफिथ यांची. कवी-कलावंतांचा राबता असलेल्या एका कॉफीगृहात खरकटी भांडी उचलणारा वॉल्टर पेझली हा मंदबुद्धी वाटावा असा पोऱ्या आहे आणि त्याला काही करून शिल्पकार व्हायचे आहे. घरमालकिणीची मांजर भिंतीच्या पोकळीत अडकते, तिला सोडवायला म्हणून तो भिंतीत सुरी घालतो, मांजर मरते, आणि घाबरलेला वॉल्टर तिच्यावर माती लिंपतो. दुसऱ्या दिवशी कॉफीगृहातले रसिक त्या 'शिल्पा'वर खूश होतात. पुढे काय होणार हे सांगायला नको.

यातला एक प्रसंग मी पुनःपुन्हा पाहिला आहे. मांजर मरण्याआधी वॉल्टर आपल्या खोलीत मातीचा गोळा घेऊन बसतो आणि एका स्त्रीचा चेहरा घडवू पाहतो. नाक काही केल्या जमत नाही. तो गोळ्याला दाबतो, चिमटे काढतो, आणि शेवटी त्याच्यावर ओरडू लागतो की नाक हो, नाक हो! लिहिलेला प्रसंग विनोदी आहे. मिलर तो विनोदी म्हणून करत नाहीत. त्यांच्या आवाजात आधी विनवणी आहे, मग संताप, मग रडकुंडीला आलेल्या पोराची चडफड, आणि हे सगळे पुरते अर्ध्या मिनिटात. ज्या माणसाला कलेची भूक आहे पण हात नाही, त्याची इतकी खरी तडफड मी पुष्कळ गंभीर चित्रपटांतही पाहिलेली नाही.

चित्रपटाच्या शेवटी वॉल्टर स्वतःला लटकवून घेतो, आणि कल्पना अशी की तो स्वतःच आपले अखेरचे शिल्प झालेला दिसावा. त्यासाठी अंगावर प्लास्टरचा लेप हवा होता. त्याला वेळ नव्हता म्हणून चेहऱ्याला थोडा करडा रंग फासून काम भागवले गेले. थोडे पैसे आणखी खर्चले असते तर हा छोटासा चित्रपट अभिजात ठरला असता, अशी खंत मिलर यांनी पुढे मुलाखतीत व्यक्त केली होती. मला ती रास्त वाटते. तो शेवट आजही उघडा पडतो.

रानवाटा, सुरुवात याच चित्रपटापासून करावी. लांबी तासाभराहून फार अधिक नाही.

मध्यंतर

जुनेरीळ यांचे विवेचन आवडले, परंतु त्यात एक गोष्ट सुटली आहे असे मला वाटते. 'अ बकेट ऑफ ब्लड'नंतर लगेच कॉर्मन आणि ग्रिफिथ यांनी जवळपास त्याच साच्यातला 'द लिटल शॉप ऑफ हॉरर्स' (१९६०) काढला. मुख्य चित्रीकरण दोन दिवस आणि एका रात्रीत उरकल्यामुळे तो पुढे दंतकथा होऊन बसला. त्यातली फुलांच्या दुकानातल्या वेंधळ्या नोकराची मुख्य भूमिका आधी मिलर यांना देऊ केली होती. आपण हेच नुकतेच केले आहे असे म्हणून त्यांनी ती सोडली आणि बर्सन फाउच या गिऱ्हाइकाची चिमुकली भूमिका घेतली. नायकाचे काम हेझ यांना मिळाले, आणि कॉर्मनच्या त्या काळातल्या चित्रपटांपैकी लोकांच्या सर्वाधिक लक्षात राहिला तो नेमका हाच.

आता फाउच काय करतो ते पाहण्यासारखे आहे. तो दुकानात येतो, कार्नेशनची फुले विकत घेतो, खिशातून मिठाची डबी काढतो आणि फुलांवर मीठ भुरभुरवून ती शांतपणे खातो, जणू संध्याकाळच्या भुकेला मूठभर शेंगदाणे. जाताना तो सांगतो की घरी बायकोने जेवणाला गार्डेनिया केल्या आहेत. मात्र एवढ्यावर ती भूमिका संपत नाही. दुकानात विचित्र झाड ठेवले तर गिऱ्हाईक ओढले जाते, हा सल्ला मालकाला देणारा फाउचच, आणि त्या सल्ल्यामुळेच ते माणूसखाऊ रोप दुकानात राहते. म्हणजे सगळी कथा या फुलखाऊ माणसाच्या एका वाक्यावर टेकलेली आहे.

म्हणून माझे म्हणणे असे की मिलर छोट्या भूमिकांत अडकले हे अर्धवट चित्र आहे. निदान एकदा तरी त्यांनी मोठी भूमिका डावलून छोटी उचलली, आणि ते का केले हे पडद्यावर दिसते. 'वॉर ऑफ द सॅटेलाइट्स'मध्ये (१९५८) कॉर्मनने त्यांना चक्क अंतराळवीर शास्त्रज्ञ नायक केले होते. रशियाचा स्पुटनिक ऑक्टोबर १९५७ मध्ये उडाला आणि बातमी ताजी असतानाच पडद्यावर काही तरी यावे अशी घाई होती. मिलर काम नेटाने करतात, पण हा गृहस्थ यानातून उतरून आता टॅक्सीचे मीटर टाकेल असे वाटत राहते. नायकाला लागणारा कोरेपणा त्यांच्या चेहऱ्यात नव्हता. तिथे आधीच एक ठाम ब्रॉन्क्सवाला वस्तीला होता.

रानवाटा

दोघांचेही मनापासून आभार. 'अ बकेट ऑफ ब्लड' आज रात्रीच पाहतो. मात्र साठ ते पंचाहत्तर या काळात काय झाले? यादीत नावे पुष्कळ दिसतात, पण बहुतेक ठिकाणी भूमिकेचे नावसुद्धा नाही. तो पडता काळ समजावा काय? आणि आपल्याकडे मॅक मोहन यांचे नाव अशा चर्चेत नेहमी निघते. दोघांची जातकुळी एकच म्हणावी का?

कासवचाल

आधी दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर देतो, कारण ते छोटे आहे. मॅक मोहन यांचा सांबा गब्बरच्या जवळ, वर खडकावर बसलेला असतो म्हणून सांबा आहे. खलनायक काढून घेतला तर त्या पात्राला उभे राहायला जागा उरत नाही. मिलर यांची पात्रे कोणाच्या साथीला नसतात. त्यांचे दुकान, त्यांची टॅक्सी, त्यांचा कचऱ्याचा ट्रक असतो आणि कथा त्यांच्याकडे चालत येते. त्यामुळे दोघांची तुलना मला ओढाताणीची वाटते. मॅक मोहन यांचे मोल त्यामुळे कमी होते असे नाही.

पडत्या काळाबद्दल. साठच्या दशकात कॉर्मनचे स्वतःचे चित्रपट मोठे आणि रंगीत होत गेले, मिलर यांच्या वाट्याला येणारा वेळ आखूड होत गेला. 'एक्स: द मॅन विथ द एक्स-रे आइज'मध्ये (१९६३) ते हेझ यांच्यासोबत जत्रेतल्या खेळात टोमणे मारणारे प्रेक्षक आहेत; 'द डर्टी डझन'मध्ये (१९६७) श्रेयनामावलीत नावही नाही. परंतु याच काळातला 'द टेरर' (१९६३) सोडू नये, तो चांगला आहे म्हणून नव्हे. भयपटांचे नामांकित नट बोरिस कार्लोफ यांचे काही दिवस आणि दुसऱ्या एका चित्रपटाचे उभे असलेले सेट हाती होते म्हणून कॉर्मनने पटकथा धड नसताना चित्रीकरण केले, उरलेले तुकडे निरनिराळ्या साहाय्यकांकडून महिनोन्महिने करून घेतले, आणि शेवटी सगळे जोडल्यावर लक्षात आले की कथेचा कोणालाच पत्ता लागत नाही. तेव्हा तरुण जॅक निकल्सन आणि मिलर यांना पुन्हा बोलावण्यात आले. निकल्सन मिलरची गचांडी धरून खरे काय ते विचारतो आणि उमरावाचा नोकर स्टीफन झालेले मिलर, ब्रॉन्क्सच्या हेलात, खरा उमराव कोण, मेला कोण आणि आता गढीत राहतो कोण हे सांगून टाकतात. तासाभराचा गुंता दोन-तीन मिनिटांत सोडवण्याचे काम ज्याच्यावर टाकता येते तो नट कॉर्मनला किती उपयोगाचा होता, हे त्या दृश्यात उघड होते.

लेखणीही त्यांनी पुरती टाकली नव्हती. विनोदी नट जेरी लुइस यांच्या 'व्हिच वे टू द फ्रंट?' (१९७०) या चित्रपटाच्या कथेच्या श्रेयात त्यांचे नाव आहे आणि 'टी.एन.टी. जॅक्सन'च्या (१९७४) पटकथेतही त्यांचा वाटा आहे. मात्र पोट भरले ते १९७० मध्ये स्थापन झालेल्या कॉर्मनच्या 'न्यू वर्ल्ड पिक्चर्स'वर. परिचारिका, शिक्षिका, ट्रकचालक असे विषय घेऊन तिथे धडाधड चित्रपट निघत आणि त्यांत प्रशिक्षक, पोलीस, दलाल असे कोणी ना कोणी मिलर असत.

आता गोतावळ्याच्या मुद्द्यावर येतो. 'न्यू वर्ल्ड'मध्ये जो डान्टे आणि अ‍ॅलन आर्कुश नावाचे दोन तरुण चित्रपटांच्या जाहिरातफिती जोडण्याचे काम करत. या मुलांनी लहानपणी मिलर यांचे पन्नासच्या दशकातले चित्रपट पाहिले होते. १९७६ मध्ये कंपनीचा आजवरचा सर्वांत स्वस्त चित्रपट काढून दाखवण्याच्या बोलीवर दोघांना 'हॉलिवूड बुलेव्हार्ड' दिग्दर्शित करायला मिळाला. त्यांनी मिलर यांना नटांचा एजंट केले आणि पात्राला नाव दिले वॉल्टर पेझली. तेव्हापासून हे नाव त्यांना चिकटले: 'द हाउलिंग'मधला पुस्तकविक्रेता वॉल्टर पेझली, 'ट्वायलाइट झोन: द मूव्ही'मधला (१९८३) खाणावळवाला वॉल्टर पेझली, 'चॉपिंग मॉल'मधला (१९८६) झाडूवाला वॉल्टर पेझली, आणि मृत्यूनंतर आलेल्या 'हनुका'मध्ये (२०१९) रब्बी (ज्यू धर्मगुरू) वॉल्टर पेझली. डान्टे यांनी पुढे आपल्या जवळपास प्रत्येक चित्रपटात त्यांना घेतले. याला वशिला म्हणायचे असेल तर म्हणावे. पण ज्याचे काम पाहून पोरे सिनेमात आली त्याला त्यांनी मोठेपणी काम देणे हा वशिल्याचा फारच उलटा प्रकार झाला.

मध्यंतर

इथे माझा थोडा मतभेद आहे. डान्टे यांच्या प्रेमाने मिलर यांना काम मिळत राहिले हे खरे, पण त्याच प्रेमाची किंमतही त्यांना मोजावी लागली. ऐंशीच्या दशकात अशी वेळ आली की ते पडद्यावर दिसले की जाणकार प्रेक्षक टाळ्या वाजवत, आणि कित्येक भूमिका त्या टाळीपुरत्याच लिहिल्या जाऊ लागल्या. 'द होल'मध्ये (२००९) ते पिझ्झा पोहोचवायला येतात आणि जातात. तोंडातून शब्द निघत नाही. चाहत्याला गंमत वाटते, नटाला काय वाटत असेल? टॅरँटिनो यांच्या 'पल्प फिक्शन'साठी (१९९४) त्यांचे दृश्य चित्रित झाले होते, तेही अंतिम संकलनात वगळले गेले.

'टर्मिनेटर'मधले दृश्य मात्र तसे नाही, आणि तिथे दिग्दर्शक डान्टे नव्हेत, जेम्स कॅमरून आहेत. तेही 'न्यू वर्ल्ड'मध्येच खपलेले. दुकानदार आधी या धिप्पाड गिऱ्हाइकावर खूश आहे, कारण त्याला प्रत्येक शस्त्राचे नाव ठाऊक आहे. भविष्यातले एक हत्यार गिऱ्हाईक मागतो तेव्हा तो न चपापता सांगतो की जे समोर दिसते तेवढेच मिळेल. मग तो हिशेब बंद करता करता कायद्याची अट सांगतो: पिस्तुलांसाठी पंधरा दिवस थांबावे लागेल, रायफली आत्ता नेता येतील. हे सांगताना त्याची मान खाली आहे. वर पाहतो तो गिऱ्हाईक बंदुकीत काडतुसे भरतो आहे. दुकानदाराचा पहिला उद्गार घाबरल्याचा नाही. दुकानात असे करायचे नसते, हा नियम समजावण्याचा आहे. भीती त्यानंतर येते आणि तिला वेळ मिळत नाही. यंत्रमानव किती निर्दय आहे हे आपल्याला कळते ते या माणसाच्या नियमावर बोट ठेवण्यामुळे. इथे कोणी ओळखीची टाळी वाजवली नाही तरी दृश्य अडत नाही.

जुनेरीळ

मध्यंतर यांचा 'द होल'बद्दलचा आक्षेप मला मान्य आहे. परंतु डान्टे यांच्या सगळ्याच चित्रपटांना तो लागू करू नये. 'ग्रेमलिन्स'मधला फटरमन हा दुसऱ्या महायुद्धात विमानांत शिरून यंत्रे बिघडवणाऱ्या भुतावळीच्या गोष्टी दारूच्या भरात सांगतो, आणि चित्रपटाचे नाव प्रेक्षकाला पहिल्यांदा तिथेच उलगडते. त्याच्या बायकोच्या भूमिकेत जॅकी जोसेफ आहेत, म्हणजे १९६० च्या 'लिटल शॉप'मधली ऑड्री. चोवीस वर्षांनी त्या दुकानातले गिऱ्हाईक आणि तिथली पोरगी नवरा-बायको म्हणून एका घरात बसवणे हा डान्टे यांचा खोडकरपणा खरा, पण ज्याला हे ठाऊक नाही त्यालाही ते जोडपे जुने आणि एकमेकांना सरावलेले वाटते. दुसऱ्या भागात (१९९०) फटरमनची भूमिका वाढली आणि त्याला आपल्या घराची नासधूस करणाऱ्या त्या जातीवर सूडही उगवता आला.

'मॅटिनी' (१९९३) तर अवश्य पाहावा. काळ १९६२ चा, क्यूबाच्या क्षेपणास्त्रांचे संकट डोक्यावर, आणि फ्लोरिडातल्या की वेस्ट गावात एक भयपट-निर्माता आपला नवा चित्रपट घेऊन येतो. मिलर आणि जॉन सेल्स हे या चित्रपटाने तरुण पिढी बिघडेल म्हणून निदर्शने करणारे सज्जन झाले आहेत. प्रत्यक्षात ती निदर्शने प्रसिद्धीसाठी निर्मात्यानेच पैसे देऊन घडवलेली असतात, आणि भयपटांचे वेड असलेला एक शाळकरी पोरगा मिलरला एका जुन्या चित्रपटातला नट म्हणून बरोबर ओळखतो. ओळखीची टाळी इथे कथेच्या आतच लिहिली गेली आहे.

आणि गोतावळ्याबाहेरचे उदाहरण हवे असेल तर अर्नेस्ट डिकरसन यांचा 'डेमन नाइट' (१९९५). त्यातला अंकल विली हा दारुडा म्हातारा सैतानाच्या मोहात पडतो तो एका काल्पनिक बारमध्ये, जिथे सगळे फुकट आहे आणि सगळ्या तरुणी त्याच्यावर भाळल्या आहेत. छत्तीस वर्षांपूर्वी मातीच्या गोळ्याला नाक व्हायला सांगणारा वॉल्टर आणि हा विली यांच्या डोळ्यांतली हाव अगदी एक आहे.

रानवाटा

'अ बकेट ऑफ ब्लड' पाहून झाला. करड्या रंगाबद्दल जुनेरीळ यांनी आधीच सांगितले होते तरी शेवट खटकलाच, पण नाकाचा प्रसंग थांबवून पुन्हा पाहिला. कॉफीगृहातला दाढीवाला कवी सुरुवातीला जी कविता म्हणतो ती वॉल्टर नंतर खोलीत एकटा असताना शब्दशः आठवून म्हणतो, हे कोणीच लिहिले नव्हते. त्याला तिचा अर्थ किती भलताच कळला आहे ते तिथेच ध्यानात येते. मित्राला दुवा पाठवला आहे. त्याचे उत्तर एवढेच आले की हा तर फटरमन. पुढचा 'द टेरर' लावावा की थेट 'डेमन नाइट', हे कासवचाल यांनी सांगावे.

कासवचाल

'डेमन नाइट' आधी. 'द टेरर' सुट्टीच्या दुपारी लावावा, आणि कंटाळा आला तरी शेवटची वीस मिनिटे सोडू नयेत. याशिवाय 'दॅट गाय डिक मिलर' (२०१४) हा त्यांच्यावरचा माहितीपट मिळाला तर जरूर पाहावा. त्यात मिलर स्वतः आणि त्यांच्या पत्नी लेनी दोघेही भेटतात, आणि मिलर यांनी रेखाटलेली चित्रेही पाहायला मिळतात.